लंकाबाईच्या खुराड्यातल्या पाहुण्या

"सहादूबाबा, देवाशपथ सांगते, मेली ती कुसाबाईची. जिती हाय ती माझी," लंकाबाई म्हणाली. लाज म्हणाल तर औषधालासुद्धा नव्हती तिच्या तोंडावर.

खरं ती पुरतं जाणून होती. घोटीकडं आठ दिवस झड लागलेली. हिच्या खुराड्यात घोटाभर चिखल. त्यात कुडकुडून सासूची लाडकी तांबडी कोंबडी मेली. शेजारच्या कुसाबाईचीही तशीच तांबडी, एकाच उबवणीतली बहीण. पण कुसाबाईचं खुराडं विटांवर उचललेलं, आत भाताचा तूस, वर चुलीतली राख. तिच्या पाचही कोंबड्या ठणठणीत. लंकाबाईनं काय करावं? मेलेली दोन घरांच्या मधल्या बोळात टाकली आणि जितीवर हक्क सांगून बसली. सासू ठमाबाई लेकीच्या बाळंतपणाला सटाण्याला गेलेली, परवाच्या यष्टीनं येणार. जाताना बजावून गेली होती, "माझ्या तांबडीला काय झालं तर तुझी खैर नाय."

"आता गं बया," कुसाबाई म्हणाली, "चोर तो चोर, वर शिरजोर."

सहादूबाबा गावातलं जुनं माणूस. त्यांनी तांबडी आपल्या डालग्याखाली झाकली. "उद्या दिस मावळताना पारावर सोडू. जिच्या खुराड्यात शिरंल, तिची."

दुसऱ्या दिवशी लंकाबाई जी कामाला लागली, ती लग्नापासून चार वर्षांत वाकली नसंल एवढी वाकली. चिखल उपसला, विटा रचल्या, राख चाळली, दाराला कोरडं पोतं बांधलं. गिरणीतला होता नव्हता तेवढा तूस डोक्यावर वाहून आणला. कुसाबाई मागाहून गेली, तिला पसाभरही मिळाला नाही; तिच्या खुराड्यातला जुना तूस झडीनं भिजून गेलेला, तो तसाच राहिला. वर लंकाबाईनं मूठभर तांदूळही फेकले. सासूच्या धाकानं माणूस काय करील सांगता येत नाही.

संध्याकाळी तांबडी सुटली. पिसं झाडली, कुसाबाईच्या ओल्या खुराड्यात डोकावली, मान काढली आणि तुरुतुरु लंकाबाईच्या खुराड्यात शिरली. लंकाबाई त्या रात्री गाढ झोपली.

ठमाबाई आली ती गाठोडं खाली न ठेवताच खुराड्याशी गेली. तांबडी उचलून पाय बघितला.

"ही माझी नव्हं. माझीच्या डाव्या पायाचं बोट तुटकं व्हतं."

लंकाबाईच्या तोंडचं पाणी पळालं. सगळं सांगावंच लागलं. ठमाबाईनं कुसाबाईला हाक मारली आणि तांबडी तिच्या हवाली केली. मग गाठोडं घेऊन घरात गेली. लंकाबाईला वाटलं, सुटले बाई.

पण दिवस मावळला तशी तांबडी परत हजर. आणि एकटी नाही, मागं कुसाबाईच्या बाकीच्या चौघीही. लंकाबाई हाकलायला काठी घेऊन धावली.

"ऱ्हाऊ दे," ठमाबाई म्हणाली. "माझ्या कोंबडीला कोरडी जागा दिली नाय. आता ह्यांना दे. पाऊस सरंस्तवर रोज तूस तू बदलायचा, राख तू टाकायची. अंडी जिची तिला."

तेव्हापासून रोज सकाळी लंकाबाई खुराड्यात निम्मी शिरून झाडायची आणि कुसाबाई पदरात अंडी वेचून घ्यायची. निघताना हसू दाबून म्हणायची, "लंकाबाई, त्या कोपऱ्यात जरा ओल हाय बरं का."