नाकातला शेंदूर

मी बोलतोय, लॉनवरचं गवत कापायचं मशीन. माझा आवाज मोठा आहे, पण मनातलं एक वाक्यही आजवर कुणाला ऐकू गेलेलं नाही. म्हणून इथे सांगतो.

कारखान्यातून निघालो तेव्हा वाटलं होतं, एखाद्या बंगल्यापुढे आयुष्य जाईल. आलो खामगावजवळ, पंजाबरावांच्या लग्नाच्या लॉनवर. इथे हजार माणसं जेवून जातात आणि दुसऱ्या दिवशी गवत उठून बसायचा प्रयत्न करतं. ते कापायचं काम माझं, मला ढकलायचं काम भागवतचं.

भागवत मालकासमोर मान वर करत नाही. माझ्यावर मात्र त्याचा फार जीव. दसऱ्याला त्याने मला पुसलं, हार घातला आणि तेलात कालवलेला शेंदूर लावायला माझं कपाळ शोधू लागला. इंजिनाच्या बाजूला एक उंचवटा दिसला. त्याने तिथे अंगठा दाबला.

ते कपाळ नव्हतं. तिथे एक बारीक भोक आहे. चालताना माझ्या पोटात जी हवा कोंडते, ती तिथून बाहेर पडते. थोडक्यात, ते माझं नाक.

नाक बंद झाल्यावर हवेने सांध्यासांध्यातून वाट काढली आणि जाताना ऑइलही सोबत नेलं. गवतावर काळे डाग पडू लागले. कसला तरी कोप झाला असं समजून भागवत घाबरला आणि रोज सकाळी मला चालू करायची दोरी ओढण्याआधी शेंदूर लावू लागला. त्याच जागी. भक्ती वाढत गेली तशी गळतीही.

एका लग्नात नवरदेवाच्या आत्याचा नवाकोरा शालू त्या डागांवरून फिरला. ती जे बोलली ते मी सांगत नाही. पंजाबराव तडक भागवतकडे आले.

"परवा माया पोरीचा साखरपुडा हाये याच लॉनवर. तोवर गळणं थांबलं नाही, त मशीन भंगारात अन् तू घरी. समजलं?"

"हाव मालक."

वहाब मिस्त्री आले. त्यांनी सील बदललं, गॅस्केट बदललं, नट आवळले. मी गळतच होतो.

"ऑइल जास्त भरतं काय बे?"

"नाही चाचा, खुणेपर्यंतच."

मग वहाबचाचांनी लेकीची, मलिहाची, तोंडाला लावायची पावडर आणली. मला पुसून कोरडं केलं, अंगभर पावडर मारली आणि चालू केलं. जिथून गळेल तिथली पावडर काळी होणार होती. ती चारी बाजूंनी काळी झाली.

"एक सांधा गळला त सांध्याचा दोष. हे त सगळीकडून गळून राह्यलं. म्हंजे याचा दम कोंडला. भोक कुठं गेलं याचं?"

शोधता शोधता शेंदराचा थर सापडला. तो खिळ्याने खरवडून, भोक साफ करून चाचांनी मला पुन्हा चालू केलं. फुस्स! दसऱ्यानंतर मी पहिल्यांदा श्वास सोडला.

"मारुतीले शेंदूर लावतं, त नाकात भरतं काय बे?"

"नाही."

"मंग या गरिबाच्या काऊन भरला?"

भागवतचा चेहरा उतरला. "चाचा, मालकाले नोका सांगू."

"मी कायले सांगू? तू नाक सोड त्याचं."

साखरपुड्याच्या सकाळी पंजाबरावांनी गवतावरून हात फिरवला. कोरडा! पाहुण्यांना ऐकू जाईल असं ते म्हणाले, "पाहा, रोज पूजा केली त फरक पडला! आण शेंदूर, आज मीच लावतो."

भरलेला अंगठा उंचवट्याकडे निघाला. भागवत गप्प राहिला असता, तर त्या दिवसापुरतं तरी त्याचं काम शाबूत होतं. मी पुन्हा गुदमरलो असतो, एवढंच. अंगठा टेकणार तोच भागवतने मालकाचं मनगट धरलं.

"थितं नोका, मालक! थे त्याचं नाक हाये. मीच बुजवलं होतं, म्हून गळे."

पंजाबरावांनी त्याच्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि व्याह्यांकडे वळले.

"पाहा रामराव, पोट्टा मशीनले बी जीव समजते! असा माणूस भेटते काय कुठं?"

कबुली इतकी सरळ होती, की कुणाला ती कबुली वाटलीच नाही. शेंदूर पेट्रोलच्या टाकीवर लागला. भागवत राहिला, मीही राहिलो.

आता मी चालू झालो की भागवत त्या भोकापुढे बोट धरतो. फुंकर लागली की हसतो आणि मला गवतात ढकलतो. तुमच्याकडे माझं एखादं भावंड असेल, तर पूजा जरूर करा. आम्हाला कपाळ नसतं, कुठेही लावलेलं चालतं. फक्त नाक तेवढं सोडा.