भांगाचं पाणी

सात सेकंदांच्या प्रसंगासाठी मनस्विनीने चौऱ्याऐंशी चित्रं काढली होती आणि आता सगळीच्या सगळी चुकीची निघत होती.

खाडीतल्या खडकांवरची कालवं काढणाऱ्या बायकांवरचा तिचा माहितीपट संध्याकाळपर्यंत महोत्सवाकडे जायचा होता. बाकीचं चित्रीकरण खरं. त्यांच्यातल्याच विमलामावशींचे यजमान रघू वीस वर्षांपूर्वी बुडाले, तेवढं कुणी टिपलेलं असणं शक्य नव्हतं, म्हणून ते चित्रांतून दाखवायचं. आवाज मावशींचाच होता : "खडक उघडे होते. हे कालवं फोडत राहिले, मागून भरती आली." मनस्विनीने तसेच उघडे खडक काढले. पाणी किती वेगाने चढलं हे अचूक यावं, म्हणून सकाळी तिने मृत्यूच्या दाखल्यावरची तारीख पंचांगात पाहिली.

अष्टमी. म्हणजे भांग. भांगाला ओहोटी नावापुरतीच. ते खडक उघडे पडतात अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास. तिने तीनदा आकडेमोड केली. तिन्ही वेळा खडकावर पाणीच.

चहा तसाच टाकून ती स्कूटरवरून मावशींच्या घरी भाट्याला गेली. मावशी अंगणात कोयतीने कालवं फोडत बसल्या होत्या.

"काय गो, तोंड का असं? पिक्चर पडला काय तुझा?"

"मावशी, त्या दिवशी अष्टमी होती."

कोयती थांबली.

"दरवर्षी अष्टमीलाच श्राद्ध घालते मी. तुला आज कळलं?"

"मग खडक उघडे कसे?"

मावशींनी पुढचं कालव उचललं, पण फोडलं नाही. "माझ्या लेकीला, दर्शनाला, बघायला लांज्याची माणसं यायची होती. मी म्हटलं, कालवं आणा. हे म्हणाले, आज भांग आहे, पाणी उतरायचं नाय. मी म्हटलं, आम्ही बायका जातो, तुम्ही चुलीपाशी बसा." त्यांनी ते कालव परत खाली ठेवलं. "तसेच उठून गेले."

"वाडीत कुणाला कळलं नाही?"

"वाडीला तिथी कळत नाय होय? पण कोणी तोंड उघडलं नाय. दर्शना दरवर्षी श्राद्धाला येते, जेवते, जाते. तिनं हिशेब मांडलान की नाय, देव जाणे."

मनस्विनी उठली, पुन्हा बसली. उघडे खडक ठेवले तर चित्र खोटं. पाणी दाखवलं तर लेकीसमोर आई खोटी पडणार.

"मी तो प्रसंगच काढून टाकते."

"म्हणजे हे गेलेच नाहीत असं करतेस?" मावशींनी पदराला हात पुसले. "आण इकडे ते."

त्यांनी टॅबलेट मांडीवर घेतला, पेन मुठीत धरलं आणि चित्रातल्या माणसाच्या छातीवरून आडवी रेघ ओढली.

"इथवर होतं. मी काठावरून बघत होते."

"आणि तुमचा आवाज? त्यात तर…"

"तो ठेव तसाच. मी खोटं बोलले, तेही खरंच ना?"

दोन वाजले होते. मनस्विनीने त्या रेघेखाली पाणी भरलं आणि पुढचं चित्र उघडलं. त्र्याऐंशी उरली होती. तिची बोटं थांबत नव्हती.

मावशींनी फोन घेतला आणि दर्शनाचा नंबर लावला. "आधी माझ्या तोंडून ऐकू दे, मग तुझं बघू दे," त्या मनस्विनीला म्हणाल्या. पलीकडून "बोल गं आई" असं आलं, तेव्हा त्यांनी फोन दुसऱ्या कानाला लावला आणि त्या म्हणाल्या, "तुझे बाबा गेले ना, तेव्हा खडक उघडे नव्हते."