बांधलेलं गाव

त्या साली पटकीची साथ वाशीमकडून रस्त्यारस्त्याने आली. कनेरगाव नाक्यावर बैलगाड्या थांबत, माणसं पाणी पीत, पुढे जात, आणि मागे बातम्या उरत. आमच्या गावात मात्र अजून कोणाला साधी उलटी झाली नव्हती. म्हणून गाव बांधायचं ठरलं.

गाव बांधायचं म्हणजे शिवेवरून दुधाची धार सोडत सगळ्या गावाला वळसा घालायचा. धारेचं टोक टोकाला मिळालं की मरीआईच्या नैवेद्याच्या मंगळवारापर्यंत आतलं माणूस बाहेर जात नाही, बाहेरचं आत येत नाही. धार घालणारी बाई सवाष्ण लागते आणि नेमाची लागते. माझे नेम लहानपणापासूनचे. तुळशीला पाणी घातल्याशिवाय मी पाणी पीत नाही, सोमवार सोडत नाही, एकादशी चुकवत नाही. यात माझी काही थोरवी नाही, आईने लावलेली सवय. गावाने कळशी माझ्याच हातात दिली. ओल्या लुगड्याने, अनवाणी मी शिव फिरले आणि सगळी वाट एकच मागत राहिले, की माये, या धारेच्या आतलं एकही लेकरू नेऊ नको.

दोनच दिवस गेले असतील. सकाळी राखणीवरचा संतराम धापा टाकत दारात आला.

"सखूवैनी, नाल्यापल्याड गाडी थांबलीय. तुमची शकू हाय त्यात."

शकू माझी थोरली. बाळंतपणाला ती पुढच्या महिन्यात यायची होती. पण तिच्या सासरी पटकी शिरली. सासू आडवी झाली, नवरा आईच्या उशाशी राहिला, आणि म्हाताऱ्या सासऱ्याने पोटुशी सून गाडीत घालून माझ्याकडे आणली. धक्क्यांनी तिचं पोट वेळेआधीच दुखू लागलं होतं.

मी नाल्यावर गेले. अलीकडच्या काठाने माझी धार गेली होती. पलीकडे बाभळीखाली गाडी सोडलेली. मधला नाला कोरडा, एवढासा. शकूने गाडीचं चाक धरलं होतं.

"आई, ये ना," ती म्हणाली. "कळा येऊन राहिल्या मला."

"थांब गं बाई. गावाला विचारते आन् आलेच."

पाटील किसनराव अंगणात दातण करत होते. माणूस भला. चूळ भरून म्हणाले, "शकू माझ्या खांद्यावर बसून जत्रेला गेलेली पोरगी. मी न्हाई म्हणंल का, सखुबाई? पण मी एकटा कोण? गावानं व्हय म्हणावं."

संतरामच्या बायकोला, नानीबाईला, तर ऐकूनच रडू आलं. "माझ्या वसरीत खाट टाकते, वैनी. आना तिला. गाव व्हय म्हणलं की झालं."

मग मी घरोघर फिरले. कोणी पाट पुढे केला, कोणी पाणी दिलं, कोणी डोळे पुसले. नाही असं कोणी म्हणालं नाही. सगळ्यांनी मला गावाकडे पाठवलं, आणि गाव काही कोणाच्या घरात सापडलं नाही.

ते सापडलं मारुतीच्या पारावर. मघाची तीच माणसं तिथे जमली होती आणि आता त्यांची तोंडं वेगळी दिसत होती. मी हात जोडून सांगितलं.

फातिमाबी मागून पुढे आली. आमची सुईण ती. शकू तिच्याच हातावर जन्मली. "पोरीला आत नका घेऊ," ती म्हणाली. "मला पल्याड सोडा. मोकळी करते तिला, आन् मंगळवारपतूर तिथंच पडते बाभळीखाली."

"आतलं बाहेर गेलं तरी धार मोडते, फातिमाबी," कोणीतरी म्हणालं.

"मंग पाटलाची म्हैस काल पल्याड चरून आली, तिनं काय उडी मारली व्हय धारेवरून?"

"म्हशीला पटकी होत न्हाई."

"म्हशीला सुईण बी लागत न्हाई रे बाबा."

काही जण हसले. हसू विरलं तसे पाटील हळूच म्हणाले, "धार सखुबाईच्या हातची. त्यांनीच सांगावं. मोडते म्हणल्या तर आमी कोण आडवणार?"

सगळे माझ्याकडे वळले. कोणाच्या नजरेत राग नव्हता. नानीबाईच्या कडेवरचं पोर भाकरीचा तुकडा चोखत माझ्याकडे बघत होतं. मागे आणखी पोरं होती, साऱ्या गावाची. त्यांच्यासाठीच मी शिवेवर मागणं मागितलं होतं. मोडते म्हणावं म्हणून मी तोंड उघडलं. आवाज आला नाही. पुन्हा उघडलं. नाहीच आला. मग एकेक जण उठून माझ्याबरोबर नाल्याकडे निघाला, जणू काही ठरलंच होतं.

बाळंतपण गाडीखाली झालं. फातिमाबी धारेच्या अलीकडे उभी राहून ओरडून सांगत होती. "चाकाला धर बेटा. दम सोड. आता जोर लाव." सासरा पाठ फिरवून बसला होता. "इवाई, लाजू नका," ती म्हणाली, "ही येळ लाजायची न्हाई." म्हातारा वळला आणि तिने सांगितलं तसं त्याने केलं. नाळसुद्धा त्यानेच कापली.

पोर रडलं तसा सगळा काठ हसला. मुलगा झाला होता. "पाव्हणे सुईण झाले की," संतराम म्हणाला. बायका घरी पळाल्या. कोणी गूळ आणला, कोणी तुपाची वाटी फडक्यात बांधून पलीकडे फेकली. धुतलेल्या लुगड्यांची गाठोडी नाल्यावरून गेली. धार तेवढी सोडून कोणी काही राखून ठेवलं नाही.

मग फातिमाबीचा आवाज बदलला.

"लई जाऊन राहिलं रक्त. इवाई, पोटावर दाबा. तिथं न्हाई, खाली. न्हाई हो, तिथं न्हाई." ती स्वतःच्या पोटावर मूठ दाबून दाखवत होती. म्हाताऱ्याचे हात भलतीकडेच पडत होते.

"आई," शकू म्हणाली, "थंडी वाजून राहिली."

मी पाऊल टाकलं. ते पडायच्या आतच मला धरलं. दंडाला, कमरेला, पदराला. मागे बघितलं तर कोणते हात कोणाचे ते कळेना, सगळे ओळखीचेच. त्यात आमच्या घरचेही होते, शकूचे वडील, ते रडत होते. "गाव हाय, सखू," एवढंच ते म्हणाले. फातिमाबीच्या पुढेही दोन गडी येऊन उभे राहिले, खाली मान घालून. कोणीतरी शकूसाठी घोंगडी फेकली. ती बरोबर तिच्यापाशी पडली. शकूने ती ओढून घेतली नाही.

तिला तिथेच अग्नी दिला. लाकडं गावाने पुरवली. एकेक ओंडका नाल्यापलीकडे टाकला. म्हातारा एकटा रचत होता.

नातवाला घेऊन तो कनेरगाव नाक्याला गेला. तिथे एका घरातल्या बाईने पोराला पाजलं. ना तिने गाव विचारलं, ना जात.

मंगळवारी मरीआईला नैवेद्य झाला, गाव सुटलं. आमच्यातलं एकही माणूस पटकीने गेलं नव्हतं. दुपारी सगळे मिळून नाक्यावर गेले आणि नातवाला घेऊन आले. माझी वसरी माणसांनी भरली. बायका एकेक करून पुढे आल्या, पोरांना माझ्या पायावर घातलं. "तुमच्या धारेनं राखलं, वैनी," म्हणाल्या. मी पाय मागे घेतले तर त्यांना वाटलं, मी लाजते.

मला कोणावर तरी रागवायचं होतं. पाटलांकडे बघितलं, तर ते कोपऱ्यात बसून उपरण्याने डोळे पुसत होते.

नानीबाईने आपलं पोर खाली ठेवलं आणि शकूच्या पोराला पदराखाली घेतलं. पोर चुटुचुटु पिऊ लागलं. "वैनी," ती म्हणाली, "नाव काय ठेवायचं ह्याचं? तुमीच सांगा."

सगळे माझ्याकडे बघत थांबले.