मशीन जिन्यावर

कपड्यांचा कारखाना बंद पडल्यापासून ती घरीच शिवत होती, आणि दिग्दर्शकाला नेमकं तेच खुपत होतं.

"ताई, हे शिलाई मशीन मागे दिसतंय," तो म्हणाला. "आपली डॉक्युमेंटरी बेकारीवर आहे. लोक म्हणतील, बाईचं तर बरं चाललंय."

"मग म्हणू देत की."

पण त्याने कॅमेरावाल्याला खूण केलीसुद्धा. दोघांनी मशीन उचलून जिन्यावर नेऊन ठेवलं. पाठोपाठ शिवलेल्या कपड्यांचा गठ्ठा गेला, भिंतीवरचा आरसा गेला. बापाचं घर असल्यासारखा वावरत होता मेला. तिच्या मस्तकात तिडीक गेली, पण कामावरून काढलेल्या साऱ्याजणींची बाजू जगापुढे मांडतो म्हणाला, म्हणून तिनेच त्याला घरात घेतलं होतं. शिवाय आज शाळेच्या हेडबाई यायच्या होत्या. वर्षभराच्या गणवेशांचं काम द्यायचं की नाही, ते तिचं शिवण बघून ठरवणार होत्या. त्या यायच्या आत ही ब्याद टळावी, एवढंच तिला हवं होतं.

सासूबाईंची रवानगी मशीन राखायला जिन्यावर झाली. "आजी, शूटिंग चालू असताना आवाज नको. कुणी आलं तर हातानंच परत पाठवा," असं बजावून दिग्दर्शकाने दार लावून घेतलं.

मग त्याने तिला रिकाम्या कोपऱ्यात बसवलं. "हात मांडीवर. आता तुम्हाला काहीच काम नाही, असं बसा." तिला तसं बसता येईना. हात आपोआप बाहीची निघालेली टीप चाचपू लागायचे, की हा पुन्हा पहिल्यापासून करायला लावायचा.

दार उघडलं तेव्हा सासूबाई खुशीत होत्या. "चिटपाखरू फिरकू दिलं नाही. एक चष्मेवाली आली होती. मशीन विकलं का, म्हणून विचारत होती. मी तोंडावर बोट ठेवलं आणि हातानं जा म्हटलं."

चष्मा हेडबाईंनाच होता. तिने फोन लावला. हेडबाईंच्या आवाजात राग होता.

"मशीन बाहेर काढलेलं बघितलं मी. वर तुमच्या माणसांनी हाकलून लावलं. मी नाक्यावरच्या टेलरला काम देऊन टाकलं."

फोन ठेवून ती मटकन खाली बसली, नेमकी त्याच कोपऱ्यात, आणि रडू लागली. समोर कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला.

"थांबू नका, ताई," दिग्दर्शक हळूच म्हणाला. "हेच हवं होतं."

तिने डोळे पुसले, ती उठली आणि दंडाला धरून तिने त्याला कॅमेऱ्यासमोर उभं केलं.

"आता तू सांग. माझं मशीन कुणी बाहेर काढलं?"

तो कॅमेरावाल्याकडे बघून म्हणाला, "बंद कर."

लाल दिवा लगेच विझला. ती रडत होती तेव्हा तो विझवायचं कुणालाच सुचलं नव्हतं.