आजीचा खांब

निताइ-सानांनी आपल्या आजीच्या कबरीसाठी कोरलेला खांब कुणीतरी करवतीने कापला होता. बुंधा जमिनीतच, वरचा भाग गवतात पालथा. नुपूर तो उचलायला वाकली तसे म्हातारे निताइ-सान म्हणाले, "राहू दे."

नुपूर पुण्याची. क्योतोला लाकडी कोरीवकामावर पीएचडी करत होती आणि त्यासाठी जपानच्या उत्तरेकडच्या होक्काइदो बेटावरच्या या खेड्यात निताइ-सानांकडे राहत होती. ते ऐनू, म्हणजे या बेटावरचे मूळचे लोक. त्यांच्या आजीची हाडं संशोधकांनी कबर उकरून नेली होती. ती परत मागण्यात त्यांचं अर्धं आयुष्य गेलं. मोर्चे झाले, कोर्ट झालं, आणि या सप्टेंबरात आजी एकदाची घरी आली, गावामागच्या टेकडीवर तिला पुन्हा पुरलं. सगळ्यांनाच ते रुचलं नाही. घराच्या पाटीवर कुणीतरी लाल रंगाने लिहून गेलं होतं, 'गप्प बसा.'

त्यांनी दुसरा खांब रोवला. तोही आडवा झाला. पोलीस आले, फोटो काढून गेले.

त्यांची मुलगी साचिए काकुळतीला आली. "बाबा, पुरे. आज लाकूड कापलं. उद्या काय कापतील?"

"तेच बघायला वर जाऊन बसणार आहे."

"आपल्यात कबरीपाशी पुन्हा जात नाहीत. तुम्हीच शिकवलंत."

"मेलेल्यांना पळवून नेणंही आपल्यात नव्हतं."

तिसरा खांब रोवून ते रोज आपल्या कुत्र्याला घेऊन टेकडीवर बसू लागले. नुपूर चहा घेऊन जायची. मागच्या झाडीत काटक्या मोडायच्या, ती दचकून मागे बघायची. ते मात्र मान वळवत नसत.

"कोण असेल?" तिने एकदा विचारलं.

"ओळखीचं," ते म्हणाले. "कुत्रा भुंकत नाही."

पहिल्या बर्फाच्या दिवशी ते सकाळीच वर गेले. नुपूर आणि साचिए पोचल्या तेव्हा ते खांबाला टेकून बसले होते. प्राण गेला होता. खांबावर करवतीची ताजी खाच होती, बोटभर खोल, अर्धवट सोडलेली. आणि त्यांच्या अंगावर कुणीतरी स्वतःचा कोट पांघरला होता.

साचिएने कोट ओळखला. तिच्या काकांचा, काझुओंचा. शहरात लाकडाचा धंदा, बायको जपानी. आपण ऐनू आहोत हे त्यांनी नातवंडांपासूनही लपवलं होतं. खांबावर मात्र घराण्याची खूण होती, येणाऱ्याजाणाऱ्याला ओळखू येईल अशी.

अंत्यविधीला काझुओ एकटेच आले, दाराबाहेर उभे राहिले. साचिएने कोट पुढे केला.

"मी पोचलो तेव्हा तो झोपलाय असं वाटलं," ते म्हणाले. "कापायला लागलो. तरी उठेना, तेव्हा हात लावून पाहिला."

"आणि पाटीवरचं?"

"ते मी नाही. ते कोण, मला ठाऊक नाही."

नुपूरने रस्त्याकडे पाहिलं. रस्ता रिकामा होता. साचिएने काकांना आत घेतलं आणि दाराला आतून कडी घातली.

"बाबांसाठी खांब हवाय," ती म्हणाली. "कोरता येणारे आता तुम्हीच उरलात."

काझुओंनी भावाची सुरी उचलली. नातवंडांना काय सांगायचं, हे त्यांनी कुणालाच विचारलं नाही. लाकूड मांडीवर घेतलं आणि सगळ्यात आधी घराण्याची खूण कोरायला घेतली.