चौदा डोकी

एडलिनसारखी घाबरट बाई टूरच्या धंद्यात पडलीच कशी, असं बंदरावरचे ड्रायव्हर एकमेकांना विचारत, आणि तिच्यासमोर विचारत. तिच्या गाडीच्या कपाळावर तिच्या नवऱ्यानं, अल्बननं, लाल अक्षरांत रंगवून घेतलं होतं : धीर धर. "मिस एडलिन, आधी तू वाच ते," असं म्हणून पोरं हसायची. हसणाऱ्यांचं काय जातं? अल्बन गेल्यावर ती गाडी तिच्या गळ्यात पडली होती. ती चालवायची नाही तर काय तिच्यात कोंबड्या पाळायच्या?

भीती मात्र खरी होती. पर्यटकांचं जहाज सकाळी सेंट जॉर्जच्या धक्क्याला लागतं आणि चार वाजता सुटतं. जहाजाच्या स्वतःच्या सहलीला उशीर झाला तर जहाज थांबतं. धक्क्यावरून आपल्या गाडीत बसलेल्या पाहुण्यांसाठी ते कुणाच्या बापाला थांबत नाही. टूरवाल्यांच्या संघटनेचे मिस्टर बास्कम यांनी धक्क्यावरच्या रांगेतली अल्बनची जागा तिला दिली ती एका हंगामापुरती, आणि देताना बजावलं होतं, "एक जरी पाहुणा मागं राहिला ना एडलिन, तर धक्क्यावरची तुझी पाळी गेली म्हणून समज. बेटाचं नाव खराब होतं." त्या दिवसापासून अर्ध्या दिवसाची सहल म्हणजे एडलिनच्या जिवाला अर्ध्या दिवसाचा घोर.

म्हणून ती डोकी मोजायची. प्रत्येक ठिकाणाहून निघताना गाडीत शिरून, शेवटच्या बाकापर्यंत जाऊन, एकेकाच्या डोक्याला हलकेच हात लावत. पाहुण्यांना गंमत वाटायची. ही खोड तिला नेनेननं लावली होती. नेनेन म्हणजे बाप्तिस्म्याच्या वेळी तिला हातांवर घेणारी धर्ममाता, मिस ओडेट. एडलिन लहान असताना रविवारी गल्लीतली सगळी पोरं गोळा करून नेनेन समुद्रावर न्यायची, आणि परत निघताना ओल्या डोक्यांना हात लावून मोजायची. "डोळा खोटं बोलतो पोरी, हात बोलत नाही," असं तिचं म्हणणं.

त्या दिवशी चौदा पाहुणे होते. पुढच्या बाकावर गुलाबी टोपीची एक बाई आणि तिचा नवरा. ही बाई दर वळणाला विचारत होती, "आपण वेळेत पोचू ना?" म्हणजे आधीच उल्हास, त्यात ही साथ. बाकीचे दोघं-तिघं मिळून बसलेले. मागच्या कोपऱ्यात मात्र एकटा म्हातारा, मिस्टर ट्रेलोर. पांढरी दाढी, मांडीवर व्यवस्थित घडी केलेला रेनकोट, बोलणं जेवढ्यास तेवढं. कुणी त्यांच्याशी बोललं नाही, त्यांनीही कुणाला त्रास दिला नाही.

सकाळ छान गेली. डोंगरावरच्या तळ्याशी माकडांनी केळी खाल्ली, फोटो झाले. मग पूर्वेकडे उतरून धबधब्याला. तिथं बदामाच्या झाडाखाली गावातल्या बाया जायफळाच्या, लवंगेच्या माळा विकायला बसतात. नेनेनही तिथंच बसायची, बुटक्या स्टुलावर, डोक्यावर टोपी घालून. ताटात माळा, दालचिनीच्या काड्या, हळदीचे तुकडे. एडलिन पाहुण्यांना वाट दाखवता दाखवता तिच्या गालाला गाल लावून आली.

"आई कशी आहे गं तुझी?" नेनेननं विचारलं.

एडलिनची आई जाऊन दोन वर्षं झाली होती, आणि तिला शेवटची आंघोळ नेनेननंच घातली होती. एडलिनला वाटलं, आपण नीट ऐकलं नाही. तेवढ्यात गुलाबी टोपी ओरडली की पायऱ्या निसरड्या आहेत. "बरी आहे नेनेन, येते मग," असं काहीतरी पुटपुटून एडलिन पळाली.

आणि मग डोंगरावर पाऊस आला. कसला आला, कोसळला. पोहणारे ओल्या अंगानं, डोक्यावर टॉवेल, टोप्या, पिशव्या घेऊन गाडीकडे धावले. बाया ताटं उचलून शेजारच्या पडवीत गेल्या. काचांवर वाफ धरली, वाटेत चिखल झाला. गुलाबी टोपीचा नवरा घड्याळाकडे आणि एडलिनकडे आळीपाळीनं बघत राहिला. त्या गडबडीत एडलिननं नेम मोडला. शेवटच्या बाकापर्यंत न जाता आरशातूनच मोजलं. टॉवेल, टोपी, टॉवेल, टोपी. चौदा. गाडी सुरू केली.

शेवटचा मुक्काम ग्राँ आन्सचा किनारा. बंदरापासून जवळ, म्हणून तिथं पोचलं की एडलिन घड्याळाकडे बघणं जरा सोडायची. पाहुणे उतरले. ती दाराशी उभी राहून एकेकाला हात देत होती. तेरा उतरले. मागच्या कोपऱ्यात टोपी तोंडावर ओढून कुणीतरी झोपलं होतं. "मिस्टर ट्रेलोर," तिनं हाक मारली, "समुद्र बघायचा नाही का?"

टोपी वर झाली आणि खालून नेनेनचा चेहरा निघाला.

एडलिन बाकाची कड धरून तशीच उभी राहिली. आमच्याकडे गावातलं माणूस कुठल्याही गाडीत चढतं, आणि रिकामी जागा असताना त्याला उतरवणारा ड्रायव्हर अजून जन्माला यायचाय. त्यात काही नवल नव्हतं. पण नेनेनच्या शेजारी बाकावर रेनकोटची घडी तशीच पडली होती.

"नेनेन, तू कुठं निघालीस?"

"पोरं समुद्रावर आहेत ना. आणायला निघाले."

"कोणाची पोरं?" असं विचारायला एडलिनकडे वेळ नव्हता. ती धावत वाळूत गेली. "मागं बसलेले ते म्हातारे गृहस्थ धबधब्यापाशी गाडीत चढताना कुणी बघितले का?" पाहुणे एकमेकांची तोंडं बघू लागले. कुणाला वाटलं होतं ते पुढं बसलेत. कुणाला वाटलं ते दुसऱ्या गाडीनं गेले. चौदा माणसांनी अर्धा दिवस एकत्र काढला, आणि एकालाही तो माणूस धड आठवेना.

"म्हणजे तुम्ही त्यांना तिथंच टाकून आलात?" गुलाबी टोपी म्हणाली.

"हो," एडलिन म्हणाली. दुसरं काय म्हणणार?

"मग आता आमचं काय? जहाज चारला सुटतं."

पूर्वेकडे जाऊन परत यायचं तर चार वाजायला आले असते, तेही सगळं सुरळीत झालं तर. या तेराजणांना घेऊन जावं तर चौदाही राहायचे. यांना आधी बंदरावर सोडावं तर त्या एकाचं जहाज गेलंच. आणि जहाजाचं राहू द्या. डोंगरावर असा पाऊस पडला की धबधब्याचं पाणी आधी गढूळ होतं आणि मग एकदम चढतं. ते आमच्या शेंबड्या पोरालाही कळतं, लगेच सगळे वर येतात. पण परक्या माणसाला कोण सांगणार? पाण्याचा रंग छान बदललाय म्हणून तो फोटो काढत उभा राहायचा. एडलिनच्या डोळ्यांपुढून ती पांढरी दाढी आणि ते तपकिरी पाणी हलेना.

ती रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली. शहराकडे जाणारी बस करकचून थांबली. तिच्या कपाळावर लिहिलं होतं : जळणारे जळोत. ड्रायव्हर सिप्रियन, तोंडाचा फाटका पण मनानं मोकळा माणूस.

"मरायचंय का मिस एडलिन?"

"माझा एक पाहुणा धबधब्याशी राहिलाय. या तेराजणांना धक्क्यावर पोचव."

"माझी बस भरलीय. यांना टपावर बांधू का?"

पण बसमधल्या बायांनी सगळं ऐकलं होतं. त्यातली एक जाडजूड बाई मांडीवरची पिशवी घेऊन उठली. "चला गं उतरा. पाणी चढलं असेल तिकडं. आपल्याला काय, दुसरी बस येईल." कुरकुरत, सिप्रियनच्या नावानं बोटं मोडत सगळे उतरले आणि रस्त्याच्या कडेला उन्हात उभे राहिले. गुलाबी टोपी बसमध्ये चढता चढता थबकली. "सापडले की आम्हाला कळेल का?" तिनं विचारलं. तिचा आवाज पहिल्यांदाच खाली आला होता.

"बास्कमला काय सांगू?" सिप्रियननं विचारलं.

"खरं ते सांग."

"मग तुझी पाळी गेली."

"जाऊ दे," ती म्हणाली आणि गाडीकडे धावली.

गाडीत आता ती आणि नेनेन. नेनेनला उतरवायला वेळही नव्हता आणि एडलिनला एकटीनं जायची हिंमतही नव्हती. वळणावर वळणं घेत ती धबधब्याकडे निघाली. तोंडानं "देवा, देवा" चाललं होतं. म्हाताऱ्याला पोहता येत असेल का? त्याची माणसं असतील का कुठं? फोन करून त्यांना कोण सांगणार, आणि काय सांगणार? मी आरशात मोजलं म्हणून? नेनेन खिडकीबाहेर बघत जुनं भजन गुणगुणत होती. एडलिनला तिचा राग आला. ही चढलीच नसती तर तेरा भरली असती, मग मी उतरून शोधलं असतं. असा राग आल्याबद्दल लगेच तिची तिलाच लाज वाटली.

धबधब्याचा आवाज रस्त्यावरच ऐकू येत होता. पाणी लाल मातीचं झालं होतं आणि खालच्या पायऱ्या दिसतच नव्हत्या. सकाळी पाहुणे जिथं बसून पाय भिजवत होते तो खडक गेला होता पाण्याखाली. एडलिन काठाशी जाऊन जोरात हाक मारू लागली. आवाज तिचा तिलाच ऐकू येईना. मग ती वळली.

बदामाच्या झाडाखाली, नेनेनच्या बुटक्या स्टुलावर मिस्टर ट्रेलोर बसले होते. सगळ्या बाया कधीच पडवीत गेल्या होत्या. हे एकटे नखशिखांत भिजलेले, शर्ट अंगाला चिकटलेला. हातात नेनेनची फाटकी छत्री होती, आणि ती त्यांनी स्वतःवर न धरता माळांच्या ताटावर धरली होती.

एडलिनला रडू फुटलं. त्यांच्या खांद्याला धरून ती हसत रडत म्हणाली, "तुम्ही गाडीत का आला नाहीत? मी तुम्हाला बुडालेलं बघत आले वाटभर."

"गाडी निघताना मला दिसली," ते ओशाळून म्हणाले. "मी हातही केला. पण त्या बाई म्हणाल्या, जरा ताट सांभाळा, मी आलेच. पडवीतल्या बाया बोलावत होत्या मला, पण ताट उचललं तर माळा विस्कटतील असं वाटलं. मी हो म्हटलं होतं ना. कुठं गेल्या हो त्या? मला काळजी वाटायला लागली होती."

नेनेन गाडीतून उतरून मागं येऊन उभी होती. तिनं मिस्टर ट्रेलोरकडे बघितलं, सभ्यपणे मान हलवली. मग ताटाकडे बघितलं. त्या तिच्याच हातच्या माळा होत्या, तीस वर्षं ती ओवत आली होती तशाच.

"छान आहेत," ती म्हणाली. "कुणाच्या गं?"

एडलिननं मिस्टर ट्रेलोरकडे बघितलं. त्यांनी मान खाली घातली. ते समजले होते. त्यांनी छत्री मिटली, ताट दोन्ही हातांनी उचललं आणि गाडीत नेऊन ठेवलं.

परतीच्या वाटेवर गाडी कशी चालवली ते एडलिनला पुढं आठवेना. शहराच्या उतारावर असताना जहाजाचा भोंगा झाला. धक्क्यावर शिडीच्या तोंडाशी गोंधळ दिसत होता. जवळ गेल्यावर कळलं की गुलाबी टोपीची बाई शिडीवर अर्ध्यात बसली होती. पाय मुरगळला म्हणत होती, आणि दोन खलाशी तिला उठवायला बघत होते. एडलिनची गाडी दिसताच तिचा पाय बरा झाला. मिस्टर ट्रेलोर ओल्या कपड्यांत शिडी चढले, वर जाऊन वळले आणि त्यांनी हात केला. एडलिनला नाही, गाडीतल्या नेनेनला.

मिस्टर बास्कम छत्री काखेत धरून उभेच होते. "मला सगळं कळलंय. उद्या ऑफिसात ये," एवढंच म्हणाले. ते बरं की वाईट हे त्यांच्या तोंडावरून कळेना. सकाळी हेच ऐकून एडलिनच्या तोंडचं पाणी पळालं असतं. आता ती नुसतं "येते" म्हणाली आणि गाडीत जाऊन बसली. जहाज धक्क्यापासून सुटत होतं. ती स्टिअरिंगवर हात ठेवून तशीच राहिली. बरी आहे, असं म्हणून गेले मी सकाळी. आई बरी आहे म्हणाले. थांबून तिच्या तोंडाकडे बघितलंसुद्धा नाही.

"पोरी," मागून नेनेनचा आवाज आला, घाबरलेला. "सगळी आली का? मोजलीस ना?"

एडलिन उठली. रिकाम्या बाकांमधून शेवटच्या कोपऱ्यापर्यंत गेली, नेनेनची टोपी काढली आणि पिकल्या केसांवर हात ठेवला.

"एक," ती म्हणाली, आणि हात तिथंच राहू दिला.