पोटातलं पान

मी 'काळाचे एकदिशत्व' बोलतोय. नाव ऐकून दचकू नका. मी एक ग्रंथ आहे, काळाच्या भौतिकशास्त्रावरचा, तोही मराठीत, आणि लिहिला गेलो चंडीगढमध्ये. काळ पुढेच का जातो, मागे का फिरत नाही, याचं उत्तर मी चारशे बारा पानांत दिलंय. एवढी विद्वत्ता अंगात असून आयुष्यभर मी जळलो कोणावर, तर स्वयंपाकघरातल्या एका कॅलेंडरवर!

माझे लेखक प्राध्यापक नंदकुमार हिर्लेकर. मूळचे साताऱ्याचे, नोकरी इथल्या विद्यापीठात. शहाऐंशी साली कॅम्पसमधल्या क्वार्टरमध्ये त्यांनी माझं पहिलं वाक्य लिहिलं. तेव्हा पंजाबात रोज कुठे ना कुठे गोळीबार व्हायचा. माणूस बाहेर पडला की परत येईपर्यंत घरच्यांचा जीव थाऱ्यावर नसायचा. म्हणून प्राध्यापकांच्या पत्नीने, सुनेत्राबाईंनी, नियमच केला होता. कोण कुठे चाललंय, किती वाजता येणार, ते पुण्याहून मागवलेल्या कॅलेंडरवर लिहायचं. शेजारी दोऱ्याला पेन्सिल बांधलेली.

झालं! सगळं घर दिवसातून दहादा त्या कॅलेंडरपुढे. त्याला हळदीची बोटं लागायची, फोडणीचा वास लागायचा. आणि मी? निळ्या फायलीत, टेबलावर, दगडाखाली. एकदा झाडताना बाईंच्या हातून माझी पानं विस्कटली, तर प्राध्यापक केवढे ओरडले. "तुमच्या फायलीला पुन्हा हात लावेन तर शपथ," बाई म्हणाल्या, आणि त्यांनी ते पाळलं. काळाबद्दल मला सगळं कळत होतं हो, पण वेळ विचारायला माझ्याकडे कोणी फिरकत नव्हतं. आणि ते गुळगुळीत, बारा पानी, वर्ष सरलं की रद्दीत जाणारं कॅलेंडर! त्याचे लाड बघून माझ्या पोटात दुखायचं.

अठ्ठ्याऐंशीच्या मार्चमधली गोष्ट. माझं नववं प्रकरण चाललं होतं. प्राध्यापकांना अचानक परीक्षेच्या कामासाठी पतियाळ्याला जावं लागलं. बाई बाजारात गेलेल्या. दारात सहकाऱ्याच्या गाडीचा हॉर्न सारखा वाजत होता. स्वयंपाकघरापर्यंत कुठे जा, म्हणून त्यांनी माझ्याच वरच्या पानावर लिहिलं, 'पतियाळा. मुक्काम. उद्या संध्याकाळी परत.' आणि सवयीने फाईल मिटून वर दगड ठेवला. जाता जाता सात वर्षांच्या स्मिताला म्हणाले, "आईला सांग गं, येतो म्हणून."

मी काय हरखलो! घरची बातमी पहिल्यांदाच माझ्याकडे आली होती. कॅलेंडर कोरं होतं. बस म्हटलं आता बोंबलत.

चारच्या सुमाराला बाई आल्या. "बाबा कुठे गेले?"

"बोला, आ रहे हैं," स्मिता म्हणाली. तिचा तरी काय दोष? पोर चंडीगढातच जन्मलेली. मराठी समजायची, बोलायची हिंदीत. आपल्यात निघताना 'जातो' म्हणत नाहीत, 'येतो' म्हणतात, हे तिला कुठून कळणार?

बाईंनी चहाचं आधण ठेवलं आणि कॅलेंडरवर लिहिलं, '४ वाजता. येतो म्हणाले.' पाच वाजले. सहाच्या सुमाराला शेजारी सांगत आले, रेडिओवर गोळीबाराची बातमी आहे. विद्यापीठातल्या त्यांच्या विभागाला कुलूप लागलेलं. बाई लिहीत होत्या, '६. नाही.' '७. नाही.' पेन्सिलीचं टोक मोडलं.

खरं सांगतो, पाचपर्यंत मला मजाच वाटत होती. विचारा की त्या लाडक्या कॅलेंडरला! पण मग बाई टेबलापाशी आल्या. एखादी चिठ्ठी सापडते का म्हणून खण उपसले, शपथ मोडून मलासुद्धा उचललं, खाली पाहिलं आणि पानं विस्कटू नयेत म्हणून जपून होतं तसं ठेवलं. अहो बाई, उघडा ना, वरच्याच पानावर आहे! ग्रंथाला ओरडता येत नाही. त्या दिवशी मला माझीच लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी प्राध्यापक हसत दारात. बाई आधी रडल्या, मग भडकल्या.

"अगं, लिहून ठेवलं होतं की!"

"कुठे?"

"नवव्या प्रकरणावर."

"म्हणजे तुम्ही जिवंत आहात का, हे मी नववं प्रकरण वाचून शोधायचं होतं?"

प्राध्यापक कॅलेंडरपाशी गेले. सगळे 'नाही' एकेक करून वाचले आणि तिथेच फरशीवर बसले. मग त्यांनी मार्चचं ते पान फाडलं आणि माझ्या नवव्या प्रकरणात ठेवलं.

पुढे मला छापायला कोणी प्रकाशक मिळाला नाही. शेवटी चंडीगढला लागूनच असलेल्या मनीमाजऱ्यातल्या एका बाइंडरकडून मला बांधून घेतलं, त्या पानासकट. वैरी थेट माझ्या पोटात!

आता मी विमानतळाजवळच्या एअरोसिटीत, स्मिताच्या फ्लॅटमध्ये असतो. तीन वर्षांपूर्वी दवाखान्यात जातानाही प्राध्यापक 'येतो' म्हणाले होते. आले नाहीत. तेव्हापासून सुनेत्राबाई रोज दुपारी मला उघडतात. माझी समीकरणं कोण बघतंय? त्या फिक्या पेन्सिलीवर बोट ठेवून एवढंच वाचतात, '४ वाजता. येतो म्हणाले.' खालचे 'नाही' वाचत नाहीत.

परवा स्मिता म्हणाली, "आई, यह पन्ना फ्रेम करवा लेते हैं. किताब लायब्ररी को दे देंगे, वहाँ पक्का कोई पढ़ेगा."

वाचक मिळावा म्हणून मी जन्मभर तळमळलो. पण नको गं बाई. ते पान काढलं, तर तुझी आई मला कशाला उघडेल? माझं पोट दुखायचं ते दुखू दे. ते पान पोटातच राहू दे.